खडूच्या टेकडीवर मेंढ्या का सोडतात? (ॲस्टन रोवंट, इंग्लंड)

रानजाई | ११ ऑगस्ट, रात्री ९:५२

हाय विकमला राहायला येऊन आता सहा वर्षं होतील. एम-४० मोटरवेवरून ऑक्सफर्डकडे जाताना स्टोकनचर्च मागे पडलं की रस्ता डोंगर चिरून एकदम खाली उतरतो. दोन्ही अंगांना उंच पांढऱ्याफटक भिंती आणि पुढ्यात अचानक सपाट मुलूख. दिवे घाटातून पहिल्यांदा पुणं दिसतं ना, तसं काहीतरी वाटतं. वर आकाशात पाच-सात लाल घारी गिरक्या घेत असतातच.

त्या पांढऱ्या भिंती खडूच्या आहेत. खरोखरचा खडू, म्हणजे चॉक नावाचा दगड. आणि त्यांच्या वरचा जो उतार आहे ते ॲस्टन रोवंट नॅशनल नेचर रिझर्व्ह. १९७० च्या दशकात मोटरवे आला तो याच राखीव भागातून, त्यामुळे रिझर्व्हचे आता दोन तुकडे आहेत आणि मधून दिवसरात्र ट्रकचा आवाज. जागा ऐकायला शांत अजिबात नाही, आधीच सांगून ठेवते.

पहिल्यांदा गेलो ती फेब्रुवारीतली गोष्ट. राखीव जंगल म्हणून पोराला घेऊन गेलो आणि बघतो तर काय, दहा-बारा माणसं करवती घेऊन झाडं तोडतायत! बहुतेक निवृत्त मंडळी. तोडलेल्या काटेरी फांद्यांची शेकोटी, थर्मासातला चहा. मी आयुष्यभर ‘झाडे लावा, झाडे जगवा’ पाठ केलेली बाई. एका आजोबांना विचारलं, इथे झाडं तोडायची परवानगी आहे का? ते म्हणाले, परवानगी कसली, तेच तर आमचं काम आहे. वर म्हणाले, ऑगस्टमध्ये या, मग कळेल.

ऑगस्ट उजाडायला मधे तीन वर्षं गेली (सुट्टीत भारतात, नेहमीचंच). काल शेवटी गेलो. उतारावर पोटावर पडून बघितलं तेव्हा कळलं. गवत बोटभर उंचीचं, कुरतडल्यासारखं. त्यात जांभळी थाइम, मार्जोरम, पिवळी व्हेच, जेमतेम वीतभर उंचीचं चिल्टर्न जेन्शियन. अशा गवतात एका चौरस मीटरमध्ये ४० पर्यंत वनस्पतींच्या जाती सापडू शकतात. आणि मग सिल्व्हर-स्पॉटेड स्किपर दिसलं. नखाएवढं फुलपाखरू, पंखाखाली चांदीची टिकली लावावी तसे ठिपके. ते अंडी घालतं फक्त शीप्स फेस्क्यू नावाच्या बारीक गवतावर, आणि तेही गवत खुरटं असेल, बाजूला उघडी तापलेली पांढरी जमीन असेल तरच. गवत घोट्याच्या वर गेलं की फुलपाखरू गेलं.

म्हणून मेंढ्या. आणि म्हणून करवती. हॉथॉर्न, डॉगवुडची झुडपं एकदा घुसली की वीस-तीस वर्षांत सगळी टेकडी झाडीखाली जाते. पोरगा म्हणाला, “आई, म्हणजे झाडं इथे व्हिलन आहेत?” मला उत्तर सुचलं नाही. तुम्हाला सुचलं तर सांगा.

---

बेडूकराव | ११ ऑगस्ट, १०:१५

शीर्षक वाचून वाटलं शाळेच्या आठवणींचा धागा. मास्तर, फळा, डस्टर वगैरे. फोटो कुठायत?

---

रानजाई | ११ ऑगस्ट, १०:३१

फोटो आहेत पण फुलपाखराच्या जागी सगळीकडे हिरवा धुरळा आलाय. फोकस गवतावर. सुधारून टाकते.

---

काळाकातळ | १२ ऑगस्ट, सकाळी ७:०८

सुंदर धागा. बेडूकराव, शाळेतला खडू हा खडूच नव्हे! आपल्याकडच्या फळ्यावरच्या कांड्या जिप्समच्या, म्हणजे कॅल्शियम सल्फेटच्या. इंग्लंडच्या टेकड्यांतला चॉक म्हणजे कॅल्शियम कार्बोनेट, जवळजवळ शुद्ध चुनखडी. समुद्रात तरंगणारी एकपेशीय शेवाळं असतात, त्यांच्या अंगावर चुन्याच्या सूक्ष्म चकत्या. ती मेली की चकत्या तळाशी. असा लाखो वर्षं पाऊस पडत राहिला आणि शेकडो मीटर जाड थर झाला. मधूनमधून काळ्या-राखाडी चकमकीच्या दगडाच्या गाठी दिसल्या असतील, त्या समुद्री स्पंजांमधल्या सिलिकाच्या.

आता गंमत. या काळाचं नावच क्रिटेशस, आणि लॅटिनमध्ये ‘क्रेटा’ म्हणजे खडू. तो काळ संपला सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी. तेव्हा इकडे काय चाललं होतं? दख्खनचा लाव्हा ओतला जात होता. युरोपातला पांढरा दगड साचायचा संपत आला आणि आपला काळा दगड सुरू झाला. ताईंच्या पायाखालचा खडू आणि दिवे घाटाचा बेसाल्ट तसे शेजारी-शेजारीच म्हणायचे, फक्त पुस्तकाची पानं वेगळी.

आणि तिथे गवत का, याचं अर्धं उत्तर दगडात आहे. चॉकवरची माती वीतभरही नाही. पाणी सरळ खाली झिरपतं. नत्र, स्फुरद कमी. अशा भुकेल्या जमिनीत दांडगी गवतं माजू शकत नाहीत, म्हणून चाळीस लहानसहान जातींना जागा मिळते. खत घातलंत तर पाच जाती उरतील.

---

उंटावरचा_शहाणा | १२ ऑगस्ट, ११:४४

एक शंका, राग मानू नका. झुडपं आपोआप वाढतायत म्हणजे निसर्गाला तिथे जंगलच हवंय ना? मग करवती आणि मेंढ्या लावून गवत टिकवणं हे निसर्गसंवर्धन की बागकाम? निसर्गाला त्याच्या मनासारखं करू द्या की.

---

कुसळ | १२ ऑगस्ट, दुपारी १:२०

शहाणे, प्रश्न बरोबर आहे, पण ‘निसर्गाला काय हवंय’ हे ठरवताना घड्याळ कुठे थांबवायचं? इंग्लंडच्या या उतारांवरचं रान नवाश्मयुगातल्या शेतकऱ्यांनी तोडायला घेतलं. त्यानंतर हजारो वर्षं मेंढ्या. तेवढ्या काळात त्या खुरट्या गवताला धरून एक आख्खं गणगोत जमलं. फुलं, मुंग्या, फुलपाखरं, गोगलगायी, काजवे. त्यांना दुसरीकडे जायला जागा नाही. दुसऱ्या महायुद्धानंतर नांगरट, खतं आणि चराई बंद पडल्यामुळे ब्रिटनमधली सुमारे ८० टक्के चॉक-कुरणं गेली असं सांगतात. जी उरली ती नांगर चढत नाही अशा चढांवर. जंगल वाढायला बाकी देश पडलाय.

मी सोलापूर-इंदापूर पट्ट्यात गवताळ माळांवर काम करतो म्हणून जरा लागलं. आमच्याकडे उलटं चालतं. माळ दिसला की लोकांना तो ‘पडीक’ वाटतो. सरकारी नकाशातसुद्धा पडीक. मग पावसाळ्यात खड्डे खणून ग्लिरिसिडिया (बाहेरून आलेलं, झपाट्याने वाढणारं झाड) लावायचा, फोटो काढायचा. तिथे लांडगा, चिंकारा, खोकड, धाविक, चंडोल राहतात हे कोणाच्या गावी नसतं. नान्नजचं माळढोक अभयारण्य १९७९ चं. आता माळढोक कुठे आहे तिथे? त्याला कारणं अनेक आहेत, सगळा दोष झाडांवर ढकलत नाही. पण उघड्या माळावर उभं राहून चहूकडे बघणारा पक्षी आहे तो, त्याला आडोसा देऊन काय फायदा?

कडबनवाडीला चिंकारा बघायला लोक येतात आणि विचारतात, “जंगल कुठून सुरू होतं?” अहो, तुम्ही जंगलातच उभे आहात.

---

चिंचोका | १२ ऑगस्ट, १:५२

+१. आमच्या गावात मेंढरं बसवायला धनगरांना बोलवायचे, खताला. माळावर कोणी झाड लावायचं डोक्यात आणत नव्हतं. आता ‘हरित गाव’ म्हणून तिथे सुबाभूळ आहे आणि खाली काही उगवत नाही.

---

मुंगीमित्र | १२ ऑगस्ट, रात्री ८:३७

शहाण्यांच्या ‘मनासारखं करू द्या’ला एक जुनी गोष्ट उत्तर म्हणून देतो. जागा ॲस्टन रोवंट नाही, पण गोष्ट याच जातीची.

लार्ज ब्लू नावाचं फुलपाखरू इंग्लंडात दुर्मिळ होत चाललं होतं. सगळ्यांचा संशय फुलपाखरं जमवणाऱ्या हौशी लोकांवर. मग काय केलं, तर त्याच्या जागेला कुंपण घातलं. लोक आत येईनात. मेंढ्या-गुरंही येईनात. आणि फुलपाखरू आणखी वेगाने गेलं.

कोडं सोडवलं जेरेमी थॉमस या संशोधकाने, १९७० च्या दशकात, वर्षानुवर्षं टेकडीवर मुक्काम ठोकून. या फुलपाखराची अळी आधी थाइमच्या फुलावर राहते, मग जमिनीवर टपकते आणि मुंग्यांना चक्क फसवते. वासाने, आवाजाने ती मुंगीच्याच पिल्लाचं सोंग घेते. मुंगी तिला उचलून वारुळात नेते आणि ही बया आत बसून मुंग्यांची पिल्लं खाते. दहा महिने! पण कुठलीही मुंगी चालत नाही. मिर्मिका सॅबुलेटी ही एकच जात. आणि त्या मुंगीला लागते गरम जमीन, म्हणजे गवत दोन-तीन सेंटिमीटरपेक्षा उंच नको. गवत वाढलं, सावली झाली, जमीन थंड पडली, ती मुंगी गेली, तिच्या जागी चुलत बहीण आली. माणसाच्या डोळ्याला सगळं जसंच्या तसं. फुलं तीच, थाइम तीच, मुंग्याही दिसतायत. फक्त फुलपाखरू नाही.

हे समजेपर्यंत उशीर झाला. १९७९ मध्ये ब्रिटनमधून नामशेष. मग चराई पुन्हा बसवून, १९८० च्या दशकात स्वीडनमधून अळ्या आणून ते परत वसवलं. आज सॉमरसेटमध्ये बऱ्यापैकी उडतंय.

कुंपणाने मारलं आणि मेंढीने वाचवलं. मला ही गोष्ट सांगायचा कंटाळा येत नाही, घरचे पळून जातात.

---

कुसुंबी | १२ ऑगस्ट, ९:१०

बाप रे! अळी आहे की सीरियलमधली सून?

मुंगीमित्र, हे वाचून कास आठवलं. तिथेही जाळीचं कुंपण घातलं, गुरं येईनाशी झाली, आणि मग आसपासच्या गावांतले लोक म्हणायला लागले की फुलं कमी झाली, गवत माजलं. खूप वाद झाला होता. शेवटी कुंपण काढलं ना?

---

मुंगीमित्र | १२ ऑगस्ट, ९:३३

हो, काढलं. फक्त कासचा सडा आणि हे कुरण एकाच मापाने मोजू नका. तिथे जांभा, चार महिने धो धो पाऊस आणि पुढे आठ महिने भाजणं. पर्यटकांचे पाय हाही तिथला मोठा प्रश्न. पण गुरं किती, कधी, किती दिवस, हा प्रश्न दोन्हीकडे तोच. गुरं नकोतच आणि गुरं कितीही चालतील, या दोन्ही टोकांना फुलं मरतात.

---

उंटावरचा_शहाणा | १२ ऑगस्ट, १०:४८

बागकाम हा शब्द मागे घेतो. पण पूर्ण नाही! तुम्ही एका फुलपाखरासाठी गवत दोन सेंटिमीटर ठेवणार, मग ज्याला उंच गवत लागतं त्याचं काय?

---

रानजाई | १३ ऑगस्ट, सकाळी ६:२५

शहाणे, हाच प्रश्न मी त्या आजोबांना विचारला असता. काल वाचत बसले, त्यातून कळलं ते सांगते. सगळी टेकडी सारखी चरायची नसतेच. एक तुकडा या थंडीत, दुसरा पुढच्या. उन्हाळ्यात फुलांच्या वेळी बऱ्याच ठिकाणी मेंढ्या बाहेर. डार्क ग्रीन फ्रिटिलरी नावाच्या केशरी फुलपाखराला उंच, गुंत्याचं गवत चालतं. झुडपंही सगळी काढत नाहीत, कडेची राहू देतात, पक्ष्यांना. म्हणजे उतारावर सगळ्या लांबीचे केस, न्हाव्याने अर्धवट सोडल्यासारखे.

आणि एका झाडाला तर मुद्दाम जपतात, ज्युनिपर. तेच, जिनमध्ये ज्याची फळं घालतात ते. इथली झुडपं म्हातारी झालीत आणि नवी रोपं उगवत नाहीत, कारण बी रुजायला उघडी जमीन लागते आणि रोप कोवळं असेपर्यंत कोणी चरायला नको. एकीकडे चरायला हवं, एकीकडे नको. त्यासाठी काही ठिकाणी वरचं गवत खरवडून पांढरा खडू उघडा करतात. टेकडीच्या अंगावर टक्कल पाडल्यासारखं दिसतं.

पूर्वी हे काम फुकटात करायचे ससे. १९५३ ला मिक्झोमॅटोसिस हा सशांचा रोग ब्रिटनमध्ये आला आणि दोन-तीन वर्षांत ९५ टक्क्यांहून जास्त ससे मेले. मेंढ्या आधीच कमी झाल्या होत्या. मग टेकड्यांवर गवत वाढलं, मागोमाग काटे आले. स्किपरची वाट तिथेच लागली. म्हणजे साथीच्या रोगाने ससे मेले आणि फुलपाखरं गेली. असं काही आपल्याला शाळेत शिकवलं का हो?

---

आत्या_लेस्टरवाली | १३ ऑगस्ट, ९:००

रानजाई, छान लिहितेस ग. आम्ही जुनी माणसं इथली, १९८० पासून. थोडं व्यवहाराचं सांगते, नाहीतर सगळे उत्साहात निघतील.

गाडी नसेल तर लंडन-ऑक्सफर्ड कोच लुकनरच्या वळणावर थांबतो, तिथून चालत चढ. रिजवे ही जुनी पायवाट डोंगराच्या पायथ्याने जाते, तीच धरा. वर दुकान, टॉयलेट, चहाची टपरी यातलं काही नाही. पोळी-भाजी बांधून न्या. पाय झाकणारी पँट घाला, मोजे वर ओढा. मेंढ्या आहेत म्हणजे गोचिड्या आहेत. घरी आल्यावर गुडघ्यामागे, काखेत बघायचं. इथल्या गोचिडीतून लाइम डिसीज होतो, चावल्या जागी लाल गोल चकंदळ उठलं की डॉक्टर.

कुत्रा नेलात तर पट्ट्याला बांधा आणि त्याची घाण पिशवीत भरून परत आणा. ते फक्त सभ्यतेसाठी नव्हे. काळाकातळ म्हणाले तसं त्या जमिनीला खत नकोय. बेल्जियमच्या एका अभ्यासात निघालं होतं की लोक फिरायला नेतात त्या राखीव जागांत कुत्र्यांमुळे वर्षाला हेक्टरी ११ किलो नत्र पडतं. माझ्या शेजारणीला सांगितलं तर तिचा कुत्रा आणि ती दोघंही दुखावले.

फुलं तोडू नका. ऑर्किड तर नाहीच नाही.

---

कुसुंबी | १३ ऑगस्ट, ९:४१

आत्या, ऑर्किड कुठली असतात तिथे? आपल्या सह्याद्रीतल्या आमरींसारखी जमिनीतली?

---

आत्या_लेस्टरवाली | १३ ऑगस्ट, १०:०५

जमिनीतलीच. जून-जुलैत चॉकच्या कुरणांवर पिरॅमिडल, फ्रॅग्रंट, आणि नशीब असेल तर बी ऑर्किड. त्याचं फूल हुबेहूब मधमाशीसारखं, नर माशी फसून येते म्हणतात. पण इथे ब्रिटनमध्ये तेवढंही होत नाही, ते फूल स्वतःच स्वतःचं परागण करून मोकळं होतं. नटूनथटून बसायचं आणि कोणी आलंच नाही तर स्वतःच स्वतःला हार घालायचा.

---

काळाकातळ | १३ ऑगस्ट, १०:२२

आत्या 😂

आत्यांचा नत्राचा मुद्दा धरून: मोटरवेचा धूर पण तेच करतो. गाड्यांच्या धुरातला नत्र हवेतून येऊन जमिनीत मुरतो. ॲस्टन रोवंटच्या मधून सहा लेन जातात. कुत्र्याला पिशवी आहे, ट्रकला काय लावणार?

---

ढगफुटी | १३ ऑगस्ट, दुपारी ३:१७

पक्ष्यांवर कोणी बोललंच नाही. रानजाईंच्या त्या लाल घारींची गोष्ट: इंग्लंडातून १८७१ च्या सुमारास पूर्ण संपलेल्या. विष, बंदुका, अंडीचोर. वेल्समध्ये मूठभर उरल्या होत्या. १९८९ ते १९९४ या काळात स्पेनमधून ९० पिल्लं आणून याच चिल्टर्न्स टेकड्यांमध्ये, स्टोकनचर्चच्या आसपास सोडली. आता इतक्या झाल्या की लोकांच्या हातातलं सँडविच पळवतात. इथून पिल्लं उचलून दुसऱ्या भागांतही वसवली.

आपल्या मुंबईच्या घारीपेक्षा शेपूट जास्त खोल कापलेली, रंग विटकरी. आणि हो, मोटरवेवर मेलेले ससे-फेझंट त्यांना आयते मिळतात. काळाकातळ, ट्रकचा हा एक उपयोग.

---

उंटावरचा_शहाणा | १३ ऑगस्ट, ५:३०

म्हणजे मोटरवे गवताला मारतो आणि घारीला जेवू घालतो. ससे मेले तेव्हा फुलपाखरं गेली, आता ससे मरतात तेव्हा घारी जगतात. माझं डोकं गरगरतंय, मी उंटावरून उतरतो.

---

कुसळ | १३ ऑगस्ट, ६:०२

उतरा आणि एक दिवस आमच्या माळावर या. उंटाची सवय असेल तर उन्हाचा त्रास होणार नाही.

---

चिंचोका | १४ ऑगस्ट, सकाळी ८:१९

एक राहिलं. तिथे काजवे असतात असं वर कुसळ म्हणाले. इंग्लंडात काजवे?

---

मुंगीमित्र | १४ ऑगस्ट, ८:५०

असतात, पण भंडारदऱ्यासारखं झाडभर लखलखणं विसरा. इथल्या मादीला पंखच नसतात. ती जून-जुलैत गवताच्या काडीवर चढते आणि एका जागी स्थिर हिरवा दिवा लावून बसते. चमकत-विझत नाही. नर उडत येतो. त्यांच्या अळ्या गोगलगायी खातात आणि गोगलगायींना शंखासाठी चुना लागतो. चुना खडूत. म्हणून चॉकच्या टेकड्यांवर काजवे बघायची शक्यता जास्त.

उतारावर गवताने मढलेले उंचवटे दिसतील, त्यावर पाय देऊ नका. त्या पिवळ्या कुरणमुंग्यांच्या वसाहती. दरवर्षी जराजराशी माती वर आणून बांधलेल्या. मोठे उंचवटे म्हणजे तिथे कित्येक दशकं नांगर फिरलेला नाही, याची पावतीच. त्यांच्या माथ्यावर थाइम मस्त वाढते. चुरगाळून वास घ्या, ओव्याची आठवण येईल. ओव्याच्या वासातलं थायमॉल हे नाव आलंय थाइमवरूनच.

---

रानजाई | १९ नोव्हेंबर, रात्री ९:१४

धागा वर काढतेय. आज करवत हातात घेतली. स्वयंसेवकांच्या यादीत नाव घातलं होतं, सकाळी दहा वाजता चिखलात हजर. तेच आजोबा. मला ओळखलं नाही, पण चहा दिला.

चार तास हॉथॉर्न तोडला. नुसता तोडून भागत नाही, बुंध्याला औषध लावावं लागतं, नाहीतर वसंतात चारपट फुटतो. हात असे खरवडलेत की ऑफिसात विचारतील मांजर पाळलंय का. पोरगा शेकोटीवर फांद्या टाकायच्या कामावर होता, आयुष्यातला सर्वोत्तम दिवस म्हणे. त्याच्या जुन्या प्रश्नाला आजोबांनी उत्तर दिलं: झाड व्हिलन नाही रे, फक्त चुकीच्या घरात शिरलंय.

जेवणाच्या सुट्टीत मेंढ्या आल्या. ट्रेलरमधून उतरवून उतारावर सोडल्या. मोजायचं काम आमच्याकडे. कागदावर ६४, आम्ही दोघांनी तीनदा मोजल्या, प्रत्येक वेळी ६३.

---

चिंचोका | १९ नोव्हेंबर, ९:४०

ताई, मेंढरं मोजताना तोंडाने नका मोजू, खडे टाका. एक मेंढरू, एक खडा. आमचे आजोबा असंच करायचे. चौसष्टावी गेली कुठे?

---

रानजाई | १९ नोव्हेंबर, ९:५५

हॉथॉर्नमध्ये लोकर अडकून उभी होती, शांतपणे रवंथ करत. तिला सोडवायला उरलेलं झुडूपही कापावं लागलं. खडे पुढच्या वेळी. इथे पांढरे हवे तेवढे आहेत.